यारोमिर ह्लादिकची ग्रंथसूची

प्राग शहरातल्या झेल्टनरगास नावाच्या गल्लीत राहणारा यारोमिर ह्लादिक हा चाळिशी ओलांडलेला अभ्यासक. त्याच्या नावावर असलेले काम असे: 'अनंतत्वाचे समर्थन' हा काळाविषयीचा दोन खंडांचा ग्रंथ, याकोब ब्योमे या जर्मन गूढवाद्याच्या विचारामागे कोणते यहुदी स्रोत अप्रत्यक्षपणे आहेत याचा शोध, १९२८च्या सुमारास केलेला 'सेफेर येत्सिरा' या हिब्रू ग्रंथाचा अनुवाद, तरुणपणी लिहिलेल्या काही कविता, आणि 'शत्रू' नावाचे अपुरे राहिलेले पद्यनाटक. यातला मूळ 'सेफेर येत्सिरा' तेवढा खरा आहे. बाकीचे एकही पुस्तक जगातल्या कोणत्याही ग्रंथालयात मिळणार नाही, कारण ह्लादिक हा माणूसच होर्हे लुईस बोर्हेसच्या एका कथेत जन्मला आणि त्याच कथेत २९ मार्च १९३९ रोजी सकाळी नऊ वाजून दोन मिनिटांनी मारला गेला.

'गुप्त चमत्कार' असे जिचे नाव मराठीत करता येईल ती ही कथा 'सुर' या आर्जेन्टिनी नियतकालिकात फेब्रुवारी १९४३मध्ये आली आणि पुढल्या वर्षी 'फिक्सिओनेस' या संग्रहात समाविष्ट झाली. तिच्यावर बरेच लिहिले गेले आहे. बहुतेकांचे लक्ष चमत्काराकडे जाते, आणि ते स्वाभाविक आहे: गोळीबाराचा हुकूम सुटतो, जग थिजते, आणि आपले नाटक मनातल्या मनात पुरे करण्यासाठी एका माणसाला एक वर्ष मिळते. मला मात्र या कथेत गेली काही वर्षे दुसरीच गोष्ट खुणावते आहे. ती म्हणजे वर दिलेली ग्रंथसूची. ही यादी कथेत सजावटीसाठी आलेली नाही. याच यादीने ह्लादिकला मारले आणि चमत्कारही याच यादीतून घडला, असे माझे म्हणणे आहे.

मला स्पॅनिश येत नाही, हे आधीच सांगून टाकतो. १९६२ सालच्या 'लॅबिरिंथ्स'मधला अनुवाद आणि अँड्र्यू हर्लीचा १९९८चा अनुवाद शेजारी शेजारी ठेवून, आणि अडेल तिथे कोशाच्या मदतीने मूळ ओळ चाचपडत, मी ही कथा वाचली आहे. विद्यापीठात शिकून मी अभ्यासक झालो नाही. नोकरी सांभाळून, रविवार आणि रजा खर्चून जे जमले ते. त्यामुळे ह्लादिकबद्दल लिहिताना मी तटस्थ आहे असा आव आणणार नाही.

आधी आरोपपत्र पाहू. १५ मार्च १९३९ रोजी पहाटे हिटलरचे सैन्य प्रागमध्ये शिरले, हा इतिहास. कथेत १९ तारखेला ह्लादिकविरुद्ध अधिकाऱ्यांकडे चुगली जाते आणि त्याच संध्याकाळी त्याला पकडून व्ल्टावा नदीपलीकडच्या पांढऱ्या, निर्जंतुक बराकीत नेतात. आरोप एकही नाकारता येण्यासारखा नाही. आईचे घराणे यारोस्लाव्स्की, म्हणजे रक्त यहुदी; ब्योमेवरचा अभ्यास यहुदी वळणाचा; ऑस्ट्रिया गिळंकृत केल्याच्या निषेधाच्या पत्रकावर एक सही. तरीही एवढ्यावर मृत्युदंड झालाच असता असे नाही. पुढे जे घडते ते वाचून माझ्यासारख्या माणसाच्या अंगावर काटा येतो. 'सेफेर येत्सिरा'च्या प्रकाशकाने धंद्याची रीत म्हणून आपल्या कॅटलॉगमध्ये अनुवादकाची थोरवी फुगवून छापली होती. ह्लादिकचे भवितव्य ज्यांच्या हाती होते त्यांतल्या युलिउस रोथे नावाच्या अधिकाऱ्याने तो कॅटलॉग चाळला आणि हा माणूस फारच महत्त्वाचा दिसतो असे ठरवले. दोन-चार विशेषणे, तीही गॉथिक टाइपात छापलेली, एवढी त्याला पुरली.

म्हणजे ह्लादिकला आयुष्यात एकच असा वाचक भेटला ज्याने त्याला थोर मानले, आणि त्यानेही पुस्तक वाचले नव्हते, फक्त जाहिरात वाचली होती. ज्यांची पुस्तके वाचली जात नाहीत अशा लेखकांविषयी आपल्याकडे गमतीने पुष्कळ बोलतात. बोर्हेस ही गंमत शेवटापर्यंत नेतो, आणि तिथे हसू येत नाही.

ह्लादिकचे स्वतःच्या कामाविषयीचे मतही फार चांगले नाही. ब्योमे, इब्न एझ्रा आणि फ्लड यांच्यावरच्या अभ्यासांत आपण फक्त मेहनत घातली, असे त्याला वाटते. अनुवादात निष्काळजीपणा, थकवा आणि अंदाज. कवितांची तर गंमतच झाली. १९२४च्या एका संकलनात त्या गेल्या आणि नंतरच्या प्रत्येक संकलनाने त्या वारसाहक्काने घेतल्या. ज्यांची लाज वाटते तेच सर्वत्र छापून येते, हा अनुभव कोणाला नाही? त्याला त्यातल्या त्यात कमी सदोष वाटतो तो 'अनंतत्वाचे समर्थन' हा ग्रंथ. आणि याच ठिकाणी कथा ह्लादिकला सर्वांत कडवट वाक्य सुनावते: सर्व लेखकांप्रमाणे तोही इतरांना त्यांनी केलेल्या कामावरून जोखत होता आणि आपल्याला मात्र आपल्या मनातल्या, योजलेल्या कामावरून जोखावे अशी इच्छा धरत होता. वाक्याचा आशय मी माझ्या शब्दांत दिला आहे. पहिल्यांदा वाचले तेव्हा पुस्तक मिटून ठेवले होते. घरात घटिका-पळांच्या जुन्या मोजणीविषयीच्या टिपणांनी भरलेल्या दोन ट्रंका आहेत. त्यांचे पुस्तक 'होणार' आहे, असे मी वीस वर्षे सांगत आलो आहे.

आता त्या काळाविषयीच्या ग्रंथाकडे वळू. पहिल्या खंडात माणसांनी कल्पिलेल्या निरनिराळ्या अनंतत्वांचा इतिहास आहे. पार्मेनिडीसच्या अचल सत्तेपासून तो सुरू होतो आणि चौथ्या मितीवर लिहिणाऱ्या हिंटनच्या 'बदलता येणाऱ्या भूतकाळा'पर्यंत येतो. दुसऱ्या खंडात ह्लादिक एफ. एच. ब्रॅडली या इंग्रज तत्त्वज्ञाचा आधार घेऊन विश्वातल्या सर्व घटना मिळून एकच कालक्रम बनतो हे अमान्य करतो. त्याची युक्ती साधी आहे. माणसाला शक्य असलेल्या अनुभवांची संख्या अनंत नाही. म्हणून एखादा अनुभव जरी जसाच्या तसा पुन्हा आला तरी काळ हा भ्रम ठरतो. यावर निवेदक शांतपणे सांगतो की हा भ्रम सिद्ध करणारे युक्तिवादही तितकेच भ्रामक आहेत, आणि ह्लादिक ते किंचित तुच्छतेच्या, गोंधळलेल्या मनाने वाचत असे.

ही युक्ती कुणाची आहे? ती बोर्हेसची स्वतःची आहे. १९२८ सालच्या एका लहानशा लेखात त्याने ब्वेनोस आयर्सच्या वस्तीबाहेरच्या एका संध्याकाळी आलेला अनुभव नोंदवला आहे. गुलाबी भिंत, शांतता, चांदणे. आणि आपण तीस वर्षांपूर्वीच्याच क्षणात उभे आहोत अशी खात्री. दोन क्षण हुबेहूब एकच असतील तर त्यांना वेगळे करणारा काळ कुठे राहिला? हा मजकूर त्याने १९३६च्या 'अनंतत्वाचा इतिहास' या पुस्तकात घेतला, आणि 'काळाचे नवे खंडन' या त्याच्या प्रसिद्ध निबंधातही तोच पुन्हा आला. त्या निबंधाचा पहिला भाग १९४४चा, दुसरा १९४६चा. ह्लादिकची कथा १९४३ची. थोडक्यात, आपल्या सर्वांत महत्त्वाकांक्षी तात्त्विक निबंधाचे परीक्षण बोर्हेसने तो लिहिण्याच्या आधीच, एका कथेत, दुसऱ्याच्या नावावर छापून टाकले होते. आणि ते परीक्षण प्रतिकूल होते. तरी त्याने निबंध लिहिला! 'खंडन' आणि 'नवे' हे शब्द एकत्र येऊ शकत नाहीत, कारण 'नवे' म्हणताच काळ मान्य होतो, हेही प्रस्तावनेत त्यानेच दाखवले. अभ्यासकाची ही जिद्द मला त्याच्या कोणत्याही कोड्यापेक्षा मोठी वाटते.

ह्लादिकपाशी येऊ. काळ खोटा आहे असे ज्याने दोन खंडांत लिहिले, त्याला आता फाशीच्या कैद्यासारखे दहा दिवस मोजायचे आहेत. तो काय करतो? आपल्या मृत्यूचे तपशील आधीच कल्पून ठेवतो. वास्तव कधीही अंदाजाप्रमाणे घडत नाही, म्हणून जे तपशील आपण कल्पू ते घडणार नाहीत, असा त्याचा हिशेब. मग लगेच भीती: आपण कल्पिले तेच भविष्य ठरले तर? बावीस तारखेच्या रात्री तो स्वतःला समजावतो की ही रात्र आणि पुढच्या सहा रात्री चालू आहेत तोवर आपण अमर आहोत. हे तत्त्वज्ञान नव्हे, हा ग्रंथाचा उरलेला चुरा आहे. पुस्तकात जे टिकले नाही ते कोठडीत टिकेल कसे!

शेवटच्या रात्री तो देवाकडे मागणे मागतो, आणि कथेचे मर्म मला या मागण्यात दिसते. अनंतत्वाचा समर्थक देवाकडे अनंतत्व मागत नाही. सुटका मागत नाही. तो एक वर्ष मागतो. तीनशे पासष्ट दिवसांचे, साधे, कामाचे वर्ष. काळाचे खंडन करणाऱ्याला शेवटी काळच हवा होता. 'शत्रू'चा पहिला अंक आणि तिसऱ्या अंकातला एखादा प्रवेश एवढाच लिहून झाला होता.

त्यानंतर त्याला स्वप्न पडते. प्रागच्या क्लेमेंटिनम ग्रंथालयात तो लपला आहे. काळा चष्मा लावलेला ग्रंथपाल विचारतो, काय शोधतोस? हा म्हणतो, देव. ग्रंथपाल सांगतो की देव इथल्या चार लाख पुस्तकांतल्या एका पुस्तकाच्या एका पानावरच्या एका अक्षरात आहे. माझ्या बापजाद्यांनी ते शोधले, मी ते शोधता शोधता आंधळा झालो. इतक्यात एक वाचक नकाशांचे पुस्तक परत करायला येतो, हे निरुपयोगी आहे असे म्हणत. ह्लादिक ते सहज उघडतो. समोर हिंदुस्थानचा नकाशा, डोळे गरगरावेत असा. एकाएकी खात्री वाटून तो त्यावरच्या एका बारीक अक्षराला बोट लावतो, आणि सर्वत्र भरलेला आवाज सांगतो की तुझ्या कामासाठी वेळ मंजूर झाला आहे.

आपला देश इथे आला म्हणून मराठी वाचकाने फार हरखून जाऊ नये. बोर्हेसच्या लेखी हिंदुस्थान बरेचदा अफाटपणाची खूण म्हणून येतो. पाहण्यासारखी गोष्ट निराळी आहे. 'सेफेर येत्सिरा' हा ग्रंथ सांगतो की देवाने हिब्रू लिपीच्या बावीस अक्षरांतून आणि दहा अंकतत्त्वांतून विश्व घडवले. एका अक्षरात देव असणे, हे स्वप्न ह्लादिकला त्याने कंटाळून, अंदाजाने केलेल्या अनुवादातून मिळाले आहे. काळ थांबणे हे त्याच्या फसलेल्या ग्रंथातून. ज्या यादीतली विशेषणे रोथेने वाचली, त्याच यादीतला मजकूर स्वप्नाने वाचला. सूची एक, वाचक दोन. एकाने तिच्यावरून मृत्युदंड दिला, दुसऱ्याने वर्ष दिले. मेहनत, थकवा, अंदाज यांपैकी काहीच वाया गेले नाही, आणि ते वाया गेले नाही हे ह्लादिकखेरीज कुणालाही कधी कळणार नाही.

जाता जाता: क्लेमेंटिनम हे खरे ठिकाण आहे. जेझुइटांचे जुने विद्यालय, त्यातले ग्रंथालय आणि वेधशाळेचा मनोरा. १७७५पासूनच्या तापमानाच्या नोंदी तिथे आहेत. एकोणिसाव्या शतकात याच मनोऱ्यावरून मध्यान्हीला निशाण हलवून शहराला वेळ कळवत. ज्या इमारतीतून प्रागला वेळ मिळत असे, तिथूनच ह्लादिकलाही वेळ मिळाली. बोर्हेसला हे माहीत होते का, हे कथेवरून ठरत नाही, म्हणून मी हा मुद्दा पुढे ताणत नाही. आंधळ्या ग्रंथपालाचे मात्र सांगायला हवे. कथा लिहिली तेव्हा बोर्हेस ब्वेनोस आयर्सच्या एका नगरपालिका ग्रंथालयात कनिष्ठ नोकरी करत होता. बारा वर्षांनी, १९५५मध्ये, तो राष्ट्रीय ग्रंथालयाचा संचालक झाला तेव्हा त्याची दृष्टी गेलेली होती.

क्षणात आयुष्य सामावण्याच्या कथा आपल्याला नव्या नाहीत, असे कुणी म्हणेल, आणि ते बरोबर आहे. 'योगवासिष्ठा'तला लवण राजा सिंहासनावर बसल्या बसल्या एका मुहूर्तात चांडाळ म्हणून अनेक वर्षे जगतो. गाधी नदीत बुडी मारतो आणि दुसरा जन्म भोगून वर येतो. नारदाची गोष्ट तर कीर्तनातून सर्वांनी ऐकलेली. पण या साऱ्या कथांचा रोख एकाच दिशेला आहे: पाहा, जे भोगलेस ते मायिक होते, म्हणून आता सोड. ह्लादिकच्या वर्षात काही भोगायचे नाही, सोडायचे तर त्याहून नाही. तिथे फक्त काम आहे. म्हणून 'हे आमच्याकडे होतेच' असे म्हणून ही कथा आपल्या खात्यावर जमा करणे मला पटत नाही. बोर्हेसने कथेच्या माथ्यावर टाकलेले कुराणातले वचनही (त्याने दुसऱ्या सूरेतला क्रमांक २६१ दिला आहे, आजच्या प्रतींत ते २५९वर सापडते) उलट्या दिशेचे आहे. तिथे शंभर वर्षे मरून पडलेल्या माणसाला तो काळ एखाद्या दिवसाइतका वाटतो. बाहेर शतक, आत दिवस. कथेत आत वर्ष, बाहेर निमिष. आरशात पाहावे तसे हे वचन उलटे लावले आहे.

तुलना करायचीच तर मी भर्तृहरीकडे जाईन. 'वाक्यपदीया'च्या तिसऱ्या कांडात 'कालसमुद्देश' नावाचे प्रकरण आहे. तिथे काळाला लोकयंत्राचा सूत्रधार म्हटले आहे आणि त्याची दोन कामे सांगितली आहेत: प्रतिबंध आणि अभ्यनुज्ञा. काही गोष्टींना अडवून धरणे आणि काहींना घडू देणे. या दोहोंमुळे क्रम निर्माण होतो. ही दोन्ही नसती तर सगळे एकदमच घडले असते. बोर्हेसने भर्तृहरी वाचला असे म्हणायला काही आधार नाही. तरी बराकीतल्या त्या अंगणाचे इतके नेमके वर्णन मला दुसरीकडे मिळालेले नाही. गोळीला प्रतिबंध, ओळीला अभ्यनुज्ञा.

ते अंगण बोर्हेसने फार सावधपणे रंगवले आहे. आठ चव्वेचाळीस झालेले. सार्जंट नऊची वाट पाहायला सांगतो. ह्लादिक लाकडाच्या ढिगावर बसतो, दिलेली सिगारेट भिडेने घेतो आणि पेटवताना आपले हात थरथरताहेत हे त्याच्या ध्यानात येते. भिंतीवर रक्त उडेल म्हणून त्याला दोन पावले पुढे यायला सांगतात, तेव्हा त्याला आठवतो तो फोटो काढण्यापूर्वीचा छायाचित्रकाराचा घोळ. पावसाचा एक जड थेंब कानशिलावर पडून गालावरून ओघळू लागतो. आणि हुकूम सुटतो. मधमाशीची सावली फरशीवर स्थिर होते. सिगारेटचा धूर विरत नाही. आपण वेडे झालो का, मेलो का, हे पडताळण्यासाठी ह्लादिक मनात व्हर्जिलचे चौथे गोपगीत म्हणून पाहतो. विद्वानाची कसोटी ही अशी!

मग वर्ष. ते मोजायचे कशाने? सूर्य हलत नाही, सावली हलत नाही, पापणीही हलत नाही. त्या जगात पुढे सरकणारी एकच वस्तू आहे, षट्पदी वृत्तातली ओळ. कागद नाही, म्हणून वृत्ताचाच आधार. तो छाटतो, वाढवतो, कधी जुनाच पाठ परत घेतो. समोरच्या एका सैनिकाचा चेहरा पाहता पाहता नाटकातल्या बॅरन रोमरश्टाटच्या स्वभावाची त्याची कल्पनाच बदलते. त्या अंगणावर, त्या बराकीवर त्याचा जीव जडतो. हे वर्ष अनंतत्व नव्हे. त्यात आधी आहे, नंतर आहे, चूक आहे, दुरुस्ती आहे. 'अनंतत्वाचे समर्थन' या ग्रंथाला त्याच्याच लेखकाने दिलेले हे उत्तर आहे, आणि ते दोन खंडांपेक्षा जास्त पटते.

एका ठिकाणी मात्र मी कथेवर पूर्ण समाधानी नाही. 'शत्रू' हे नाटक चांगले होते का? त्याची रूपरेषा आपल्याला दिली आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरची एक संध्याकाळ, ह्राद्चानीतले बॅरनचे ग्रंथदालन, त्याच्याविरुद्ध कट, खून. आणि शेवटी पुन्हा तेच सातचे ठोके, तोच मावळता उजेड, पहिल्या प्रवेशातलेच बोल. नाटक घडलेलेच नसते. यारोस्लाव्ह कुबिन नावाच्या वेड्याचा तो पुन्हा पुन्हा येणारा भ्रम असतो. कल्पना नामी आहे, पण त्यावरून पद्य कसे उतरले असेल ते समजत नाही. बोर्हेस एकही ओळ दाखवत नाही. यात त्याची पळवाट आहे असे मला बरीच वर्षे वाटे. आता वाटते की ओळ दाखवली असती तर आपणही परीक्षक झालो असतो, रोथेच्या शेजारी खुर्ची टाकून बसलो असतो. ह्लादिक ते नाटक पुढच्या पिढ्यांसाठी रचत नाही. देवासाठीही नाही, कारण देवाची वाङ्मयीन आवड त्याला फारशी ठाऊक नाही. तरी शंका उरतेच, आणि ती माझ्यापुरती मी तशीच ठेवतो.

शेवटी एकच विशेषण राहते. ते सापडते. थेंब गालावरून ओघळतो.

कथेच्या अखेरीस वेळ नऊ वाजून दोन मिनिटे अशी नोंदलेली आहे. शिक्षा नऊची होती, आणि जर्मन शिसे ठरल्या वेळीच येईल असे कथेनेच सांगितले होते. ती दोन मिनिटे भिंतीपाशी उभे करण्यात, पुढे-मागे सरकवण्यात गेली असतील, असा सरळ अर्थ लागतो. चमत्काराने बाहेरच्या घड्याळाचा क्षणही घेतलेला नाही, हेही कथेतच आहे. तरी प्रत्येक वाचनात मी त्या आकड्याशी थांबतो आणि आठ चव्वेचाळीसपासून पुन्हा मोजू लागतो.